रुईची सवत बाळाबाई

गंगावेशीच्या दूधकट्ट्यावर बाळाबाईची म्हैस कुठली, हे कुणाला विचारावं लागत नसे. जिथून सगळ्यात मोठा आवाज येई तिथं जायचं. गिऱ्हाईकानं तांब्या पुढं केला की ती त्यात थेट धार सोडायची आणि फेस बसायच्या आत म्हणायची, “प्या हितंच. घरला न्याल, पाणी घालाल, आन् बाळाबाईचं दूध पातळ म्हनून गावभर सांगाल.” गिऱ्हाईक मामलेदार असो नाहीतर हमाल, सगळ्यांना एकच बोलणं. लोक दुधासाठी यायचे की बोलणी खायला, हे मला अजून नक्की सांगता येत नाही.

तिचा नवरा आकाराम माझा तालमीतला जोडीदार. गल्ली एक, नदीकाठची रानं शेजारी-शेजारी. त्यामुळं बाळाबाई कोल्हापुरात आली कशी, ते मला पहिल्यापासून ठाऊक.

ती नेसरीकडची. तिकडं बोलण्यात कानडी मिसळलेली असते. लहानपणी लग्न झालं आणि दुसऱ्याच वर्षी नवरा तापानं गेला. माहेरी परत आली, भावाच्या म्हशी सांभाळू लागली. आमचा आकाराम तिकडं म्हैस विकत घ्यायला गेलता. चांगली काळीभोर, दुभती म्हैस घेऊन आला. पण कोल्हापुरात आल्यावर ती म्हैस पान्हाच सोडेना. आकारामनं पेंड चारली, आंबोण दिलं, पाठ खाजवली. शेवटी म्हशीनं त्याला लाथ घातली आणि हा चिडून नेसरीला तक्रार घेऊन गेला.

तिचा भाऊ म्हणाला, “पावणं, म्हशीत खोट न्हाय. ती आमच्या बाळाबिगार कुनाला धार देत न्हाय.”

“मग हे आधी सांगायला नको?”

“तुम्ही कुटं इचारलं?”

आकाराम म्हैस परत करायला म्हणून पुन्हा गेला, मग पैसे आणायला म्हणून गेला, मग काहीच कारण नसताना गेला. शेवटी घरी येऊन आईला म्हणाला, “म्हस ऱ्हावू दे. तिची धार काढनारीच आनतो.”

आई म्हणजे धोंडुबाई. वाळक्या अंगाची, पण हाक मारली तर पंचगंगेच्या पलीकडं ऐकू जाईल. आमच्या शेतकरी लोकांत विधवेचं दुसरं लग्न पूर्वीपासून चालत आलंय. त्याला पाट म्हणायचं. धोंडुबाईला त्याचं काही नव्हतं. तिची अडचण निराळीच. आकारामचं पहिलं लग्न झालं नव्हतं. बिनलग्नाच्या पोरानं विधवेशी पाट लावायचा तर आधी त्याचं लग्न रुईच्या झाडाशी लावावं लागतं. मग ती रुई त्याची पहिली बायको, आणि पाटाची दुसरी. ही आमच्याकडची रीत.

आमच्या बांधाला एक रुई होती, कमरेएवढी. तिच्याशी आकारामचं लग्न भर दुपारी लागलं, वाजतगाजत. मी हलगी वाजवली. आकारामला मुंडावळ्या, रुईला हिरवं पातळ. मध्ये अंतरपाट धरला, गुरवानं मंगलाष्टका म्हटल्या, अख्ख्या पेठेनं अक्षता टाकल्या. आता नवरीच्या भावानं नवरदेवाचा कान पिळायचा असतो. रुईला भाऊ कुठला? मग आकारामचा धाकटा भाऊ कृष्णात पुढं झाला. म्हणाला, “आजच्यापुरता मी रुईकडचा.” आणि लहानपणापासूनचा सगळा हिशेब त्यानं त्या एका कानावर चुकता केला. आकाराम असा ओरडला की बांधावरचे बगळे उडाले. जेवणात गव्हाची खीर होती. रुईचं लग्न म्हणून खीर कमी गोड केली नव्हती.

पाट मात्र आठ दिवसांनी, दिवेलागण झाल्यावर, गुपचूप. पाट वाजतगाजत लावत नाहीत. सवाष्णींनी तिथं यायचं नाही. गाठ बांधतात ती एखाद्या विधुर म्हाताऱ्यानं, आमच्याकडं ती सयाजी आप्पांनी बांधली. बाकीच्यांनी त्या वेळी तोंड फिरवून बसायचं. आम्ही दहा-बाराजण भिंतीकडं तोंड करून बसलो होतो. दिवस उगवेपर्यंत त्या जोडप्याचं तोंडही कुणी बघायचं नाही, म्हणून दोघांना गोठ्यात झोपवलं. आकाराम पुढं सांगायचा, “माज्या बायकोचं तोंड पयलं बघिटलं ते म्हशीनं. आन् लगेच पान्हा सोडला.”

संसार चांगला चालला. मुलगी झाली, तिला सगळे आक्का म्हणायचे. सासू-सुनेचं मात्र दिवसातून दोन वेळा वाजायचं, सकाळच्या धारेला आणि संध्याकाळच्या धारेला. धोंडुबाईचं ठरलेलं शेवटचं वाक्य असायचं, “माजी थोरली सूनच बरी! बांधाला गप उबी असती. कदी तोंड वर करून बोलली न्हाय!”

बाळाबाई म्हणायची, “मग तिलाच सांगा की आत्याबाई, म्हशीची धार काढ म्हनून.”

त्रेपन्न सालची गोष्ट. पाऊस उघडला होता. आकाराम कळंब्याला वैरण आणायला गेला होता. डोक्यावर हिरव्या गवताचा भारा घेऊन, रस्त्याच्या कडेनं परत येत होता. गारगोटीकडून लाकडं भरलेला ट्रक येत होता. उताराला ड्रायव्हरनं गाडी न्यूट्रलवर सोडलेली. पेट्रोल वाचतं ना. वळणावर गाडी आवरली नाही. ट्रक कडेला गेला तो आकारामला घेऊनच थांबला. आम्हाला कळलं तेव्हा सगळं संपलं होतं. त्या दिवसाचं मी जास्त लिहीत नाही. एवढंच सांगतो, की त्या संध्याकाळी धोंडुबाई आणि बाळाबाई भांडल्या नाहीत, आणि ती शांतता गल्लीत कुणाला सोसवेना.

ड्रायव्हरवर खटला झाला, त्याला शिक्षा झाली. आम्हाला वाटलं, झालं, प्रकरण मिटलं. बाळाबाई तेराव्यानंतरच कट्ट्यावर परत उभी राहिली होती. पण आवाज गेला होता. गिऱ्हाईक तांब्या पुढं करी, ती गप धार सोडी.

त्र्यंबकराव वकील रोज सकाळी पितळी तांब्या घेऊन दुधाला यायचे. उंच, जरा वाकलेले, काळी टोपी. खटला संपेपर्यंत त्यांनी ते गप दूध प्यायलं, मग एके सकाळी म्हणाले, “बाळाबाई, दावा लावला का?”

“कसला दावा, वकीलसाहेब? तेला तुरुंगात घातला की.”

“ते सरकारनं ड्रायव्हरला केलं. त्यात तुम्हाला काय मिळालं? ड्रायव्हर मालकाच्या कामावर होता. कामावरच्या माणसाच्या हयगयीनं जीव गेला तर भरपाई मालकानं द्यायची. मेलेल्या माणसाची बायको, मुलं, आईबाप यांचा तो हक्क आहे. ट्रकचा विमाही उतरवलेला असणार, म्हणजे हुकूमनामा झाला की पैसे कंपनी देईल. पण वर्षाच्या आत दावा लावला पाहिजे.”

बाळाबाई म्हणाली, “म्हशीचं मोल दात बघून करत्यात. मानसाचं काय बघून करनार तुमचं कोर्ट?”

वकील म्हणाले, “तो काय मिळवत होता आणि त्यातलं घरात काय देत होता, ते बघून. माणसाचं मोल नाही होत ते. पण पोरीच्या तोंडचा घास गेला, त्याचं होतं.”

आज अपघातांच्या दाव्यांना वेगळी कोर्टं आहेत. तेव्हा नव्हती. साधा दिवाणी दावा लावायचा आणि सगळं आपणच शाबीत करायचं. कोर्टाची फी भरायची ऐपत नव्हती, म्हणून नादारीचा अर्ज केला. तो मंजूर झाला. दाव्यात तिघीजणी होत्या, बाळाबाई, पोर आणि धोंडुबाई.

आता घोटाळा कुठं झाला तो ऐका. त्या दिवसांत तालमीत एकच चर्चा. संस्थान विलीन झालं, मुंबईचे कायदे इकडं लागू झाले आणि त्यात एक कायदा असा, की एक बायको असताना दुसरी केली तर दुसरी बाद. कृष्णातनं हे ऐकलं आणि त्याचा चेहरा उतरला. संध्याकाळी आम्हा सगळ्यांना गोठ्यात गोळा केलं आणि दार लावलं.

“आपला आक्कू गेला,” तो म्हणाला. आकारामला तो आक्कू म्हणायचा. “तेची पयली बायको कोन?”

“रुई,” मी म्हणालो.

“ती जिती हाय का न्हाय?”

“बांधाला हाय की. फुलं आल्यात.”

“मग? पयली जिती असताना दुसरी केली! वयनी बाद! दावा बाद! पोरगीबी बाद!”

आम्ही सगळे गार पडलो. मी सातवी पास. गल्लीत माझ्या शिक्षणाला मान होता, म्हणून सगळ्यांनी माझ्याकडं बघितलं. मी विचार करून सांगितलं, की कायद्यात झाडाचं काय लिहिलंय ते आपल्याला माहीत नाही, तेव्हा रुईचं नाव न काढलेलंच बरं. एकानं सुचवलं, रुई उपटून टाकावी. धोंडुबाई विळा घेऊन उठली. “माज्या थोरल्या सुनंला हात लावशील तर बघ!” मग ठरलं, की रुई राहू दे, पण तोंड उघडायचं नाही. वकिलांनाही सांगायचं नाही.

अशा रीतीनं अख्खी पेठ एका झुडपासाठी दीड वर्ष तोंड शिवून बसली. नदीवर धुणं धुताना कुणी बाई रुई म्हणाली तरी दुसरी तिला चिमटा काढी.

दावा सुरू झाला. मालकाच्या बाजूनं विमा कंपनीनं पुण्याचा वकील दिला होता. गोरा, घाऱ्या डोळ्यांचा, बोलणं लोण्यासारखं. आधी त्यानं सांगितलं, की आकारामच्या डोक्यावर भारा, त्याला दिसलं नाही, तोच ट्रकपुढं आला. पण तुरुंगातून सुटून आलेला ड्रायव्हर साक्षीला उभा राहिला आणि सरळ बोलला, “साहेब, तो कडेनंच चाललेला. गाडी न्यूट्रलवर होती.”

“गाडी न्यूट्रलवर सोडायची हे तुम्ही स्वतःच्या मनानं केलंत?” वकिलानं विचारलं. त्याला वाटलं, ड्रायव्हर व्हय म्हणेल.

“मनानं कशाला? मालकच सांगत्यात. उतार दिसला की सोड, पेट्रोल वाचव. न्हाय सोडली तर पगार कापत्यात.”

मालक खुर्चीत हलला. त्र्यंबकरावांनी कागदावर काहीतरी लिहिलं आणि दोनदा अधोरेखित केलं. मालकाची जबाबदारी त्या दिवशीच पक्की झाली, असं ते बाहेर आल्यावर म्हणाले.

मग त्या घाऱ्यानं डाव बदलला. म्हणाला, चूक कुणाचीही असो, भरपाई बायकोला मिळते, आणि ही बाई मयताची बायकोच नव्हे, ठेवलेली बाई आहे. लग्न झालंच नाही. झालं असेल तर बघितलेला माणूस आणा.

बाळाबाई कोर्टात मागं उभी होती, पोरीचा हात धरून. तिनं मान खाली घातली नाही, पण पोरीला पदराखाली ओढलं. पैसे एकवेळ गेले तरी चालतील, पण पोर कुणाची म्हणायची ते ठरावं, एवढंच तिला आता पाहिजे होतं. ते तिनं मला त्या दिवशी पायरीवर सांगितलं.

सयाजी आप्पांनी गाठ बांधली होती, पण ते आदल्या वर्षीच वारले होते. मग कृष्णातला उभं केलं.

“पाट लागला तेव्हा तुम्ही हजर होता?”

“व्हय की.”

“लागताना बघितलात?”

“न्हाय.”

“हजर होता आणि बघितलं नाही?”

“तोंड भितीकडं हुतं.”

कोर्टात हसं झालं. पुढचा साक्षीदार मी. मला वाटलं, आपण शिकलेले, आपण नीट सांगू. मी म्हणालो, “साहेब, बघिटलं न्हाय, पन ऐकलं.”

“काय ऐकलंत?”

“बांगड्या वाजल्या.”

“कुणाच्या?”

“ते कसं दिसनार? माझंबी तोंड भितीकडं.”

घाऱ्या वकील न्यायाधीशांकडं वळून मोठ्या अदबीनं म्हणाला, “या पेठेत एक लग्न झालं, दहा माणसं हजर होती आणि सगळी भिंत बघत होती.”

बाहेर आल्यावर त्र्यंबकरावांनी टोपी काढली आणि पुन्हा घातली. “तुम्ही सगळे खरं बोलता आणि माझी केस बुडते,” ते म्हणाले. “नुसता एकत्र संसार झाला हे मी दाखवेन, पण तो म्हणेल ठेवलेल्या बाईशीही होतो. आणखी काही आहे का? लग्नातलं काहीही? मला न सांगितलेलं?”

आम्ही सगळ्यांनी जमिनीकडं बघितलं. बाळाबाईनं तोंड उघडलं, तर कृष्णात एकदम खोकायला लागला.

त्याच आठवड्यात ट्रकमालकाच्या लाकडाच्या वखारीचा मुकादम धोंडुबाईकडं आला. ती ओट्यावर डाळ निवडत होती. म्हणाला, “म्हातारे, तू आई हायस, तुजा हक्क कोन काढत न्हाय. ती माजी सून न्हवं, एवढंच म्हन. मग सगळं तुलाच मिळंल. वाटनी कशापायी?”

धोंडुबाई उठली, आत गेली. मुकादमाला वाटलं, चहा आणायला गेली. ती भांडी विसळलेलं पाणी घेऊन आली. मुकादम गल्लीच्या टोकाला पोचला तरी तिचा आवाज त्याच्या मागं होता, “माज्या सुनंला मी शिव्या दीन! तू कोन रं मला शिकवनारा!”

त्या दिवशी बाळाबाईनं तिचं अंग चेपून दिलं. चेपताना हळूच म्हणाली, “आत्याबाई, रुईचं सांगून टाकूया का वकीलसाहेबास्नी?”

“गप. थोरलीचं नाव निघालं की तू धाकटी. आन् धाकटी कायद्यात बाद, क्रिष्णा सांगतोय न्हवं.”

शेवटची साक्ष धोंडुबाईची. तिनं अंबाबाईची शपथ घेतली आणि वर मनानं जोतिबाचीही घेतली. त्र्यंबकरावांनी विचारलं, सून कधी आली, नात कधी झाली. तिनं सगळं नीट सांगितलं. मग घाऱ्या वकील उठला. त्याला केस जिंकल्यासारखीच वाटत होती. म्हातारीवर आवाज चढवायचं कारणच नव्हतं.

“आजी, तुमचा मुलगा चांगला होता?”

“सोन्यासारका.”

“त्याचं दुःख मोठं. पण खरं तेवढं सांगा. तुमच्या मुलाचं कधी लग्न झालंच नव्हतं. तो बिनलग्नाचाच गेला. बरोबर?”

बास. धोंडुबाईनं पिंजऱ्याचा कठडा दोन्ही हातांनी धरला.

“बिनलग्नाचा? माजा ल्योक बिनलग्नाचा मेला म्हंतोस? मी सोत्ता हळद लावली तेला! भर दुपारी लगीन झालं, अख्खी पेठ जेवली!”

“आई, गप!” कृष्णात मागनं ओरडला. पट्टेवाल्यानं त्याला खाली बसवलं.

घाऱ्याचे डोळे चमकले. लग्न दुपारी झालं, म्हणजे पाटाची गोष्ट खोटी. “असं! दुपारी लग्न झालं. या बाईशी?”

“न्हाय.”

“मग कुणाशी?”

धोंडुबाईनं बाळाबाईकडं बघितलं, कृष्णातकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं. मी डोळे मिटून घेतले. म्हातारीनं शपथ घेतली होती.

“रुईशी,” ती म्हणाली. “रुईच्या झाडाशी.”

कोर्टात असा हशा पिकला की शिरस्तेदारानं टेबल वाजवलं तरी ऐकू जाईना. घाऱ्या वकीलही हसला. “म्हणजे मयताची बायको झुडूप! मग भरपाई झुडपालाच द्यायला हवी.” आणि मोठ्या समाधानानं खाली बसला. कृष्णातनं डोक्याला हात लावला. “मेलो की,” तो मला म्हणाला. “वयनी बाद.”

पण त्र्यंबकराव हसत नव्हते. ते हळूहळू उभे राहिले, एखाद्याला घरातच हरवलेली वस्तू सापडावी तसा चेहरा.

“धोंडुबाई, मुलाचं लग्न झाडाशी का लावलंत?”

“का म्हंजे?” म्हातारीला प्रश्नच कळेना. “बिनलग्नाच्या पोरानं विधवंसंगं पाट लावायचा तर आदी रुई नको?”

“आणि पाट लावायचा नसेल तर?”

“मग रुईसंगं कोन लगीन लावील? येडं का खुळं?”

न्यायाधीश लिहायचे थांबले. ते खानदेशाकडून बदलून आलेले, आतापर्यंत एक शब्द बोलले नव्हते. त्यांनी चष्मा काढला. “आजी, ही पाटाची बाई कोण, तेव्हा ठरलं होतं?”

“तीच की, ती मागं उबी हाय ती! तिच्याच पायी ह्यो सगळा खटाटोप. नेसरीला तीनदा गेल्ता म्हस परत द्यायला, एकदाबी परत दिली न्हाय!”

“झाडाच्या लग्नाला कोण कोण होतं?”

“इचारा कोन नव्हतं ते! त्यो हंबीर हलगी वाजवत हुता. क्रिष्णानं कान पिळला, अजून लाल असंल.” मग तिला आठवलं, की तो कान आता नाही. तिनं पदर तोंडाला लावला.

आम्हाला पुन्हा साक्षीला बोलावलं. गुरव आला, खीर करणारी बाई आली, अक्षता टाकणारे चौदा-पंधराजण आले. माझी पाळी आली तेव्हा त्र्यंबकरावांनी विचारलं, “या लग्नाच्या वेळी तुमचं तोंड कुठं होतं?”

“रुईकडं, साहेब. सरळ.”

“आणि पाटाच्या वेळी भिंतीकडं का?”

“पाट हुता म्हनूनच भितीकडं. लगीन असतं तर बघिटलं असतं की!”

न्यायाधीशांनी ते वाक्य लिहून घेतलं. मी बघत होतो.

त्या दिवशी कोर्टाच्या पायरीवर त्र्यंबकरावांनी आम्हाला घेरलं. “दीड वर्ष! दीड वर्ष हे माझ्यापासून लपवलंत? का?”

कृष्णातनं चाचरत सांगितलं, कायदा, पहिली बायको, दुसरी बाद. वकील ऐकत होते. मग ते पायरीवर बसले आणि हसायला लागले. टोपी खाली पडली, तरी हसत होते. डोळे पुसत म्हणाले, “अरे, तुमचा पाट लागला तेव्हा इथं संस्थान होतं, मुंबईचा कायदा नव्हता. आणि असता तरी, झाडाला कोण नोटीस बजावणार होतं? कोण समन्स घेऊन बांधावर जाणार होतं?”

“मग वयनी बाद न्हाय?”

“अरे, वहिनी पक्की! त्या झाडानंच पक्की केली!”

बाळाबाई तिथंच खाली बसली. पोरीला मांडीवर घेतलं आणि तिच्या केसात तोंड खुपसून रडली. आकाराम गेल्यापासून ती आमच्यासमोर पहिल्यांदाच रडली. धोंडुबाई म्हणाली, “रडतीस कशाला? म्हशी वाट बगत्यात.” आणि तिच्या शेजारी बसून स्वतःही रडली.

निकाल पुढं उन्हाळ्यात लागला. त्र्यंबकरावांनी कट्ट्यावरच वाचून दाखवला, तांब्या शेजारी ठेवून. ट्रक न्यूट्रलवर सोडणं ही हयगय, ती मालकाच्या सांगण्यावरून, म्हणून भरपाई मालकावर. आणि बायकोचं म्हणाल तर न्यायाधीशांनी लिहिलं होतं, की ठेवलेल्या बाईसाठी कुणी आधी झाडाला हळद लावून गाव जेवू घालत नाही. रीत होती, रीतीप्रमाणं पाट लागला, बाई मयताची कायदेशीर बायको आणि मुलगी औरस. भरपाईचे तीन वाटे, बायको, मुलगी आणि आई.

“औरस म्हंजी काय वं?” बाळाबाईनं विचारलं.

“म्हणजे आकारामची,” वकील म्हणाले.

“ते तर मलाबी ठावं हुतं,” ती म्हणाली. आणि कट्ट्यावर तो जुना आवाज परत आला. “वकीलसाहेब, तांब्या धरा पुढं. आज प्यायचं हितंच!”

कंपनीनं पैसे भरले. बाळाबाईनं त्यातून दोन म्हशी घेतल्या, नेसरीच्याच. पोरीला शाळेत घातलं. आक्का पुढं गारगोटीला मास्तरीण झाली. सासू-सुनेचं भांडण सकाळ-संध्याकाळ पहिल्यासारखं सुरू झालं आणि गल्लीला झोप लागायला लागली. धोंडुबाई मरेपर्यंत बाळाबाईच्याच हातचं दूध पीत होती आणि पातळ आहे म्हणत होती.

नव्या म्हशीची पहिली धार निघाली त्या दिवसाचं सांगतो आणि थांबतो. सकाळची वेळ. मी बांधालगत पिकाला पाणी पाजत होतो. बाळाबाई तांब्या घेऊन आली, मागं पोरगी. मला वाटलं, मला दूध आणलं. मी हात पुसले.

“तुमास्नी न्हाय भावजी,” ती म्हणाली. “कोर्टानं तीनच वाटं केलं. थोरलीचा ऱ्हायला की!”

आणि तिनं तांब्यातलं दूध रुईच्या बुडाशी ओतलं, सगळं. पाणी न घालता.